परक्या तोंडातला किलियान

म्युनिकच्या गीझिंग भागातल्या बेकरीत रांगेत उभं राहिलं की बुर्गीला मागून कुणी ना कुणी कोपरानं ढोसायचंच.

"काय गं बुर्गी, काल तुझ्या नवऱ्यानं तीन माणसं लोळवली म्हणे. वर त्या पिंगट केसांच्या बाईला घोड्यावर घालून घेऊन गेला. आणि तू इथं पाव घेतेयस?"

"नेऊ दे की," बुर्गी म्हणायची. "जेवायला घरी येतो ना, मग झालं."

सगळी बेकरी हसायची. बुर्गीही हसायची, आणि कोमट पावांची पिशवी छातीशी धरून चढ चढायला लागायची. माणसं लोळवणारा होता डेन रोर्क, अमेरिकेतला मोठा नट. सहा फुटांवर उंची, निळे डोळे, कपाळावर जखमेचा व्रण. पण म्युनिकच्या थेटरात काय आणि घरातल्या टीव्हीवर काय, रोर्क जर्मनच बोलायचा, आणि ते बोलणं बुर्गीच्या नवऱ्याचं असायचं. किलियान टालहामरचं. बाहेरून आलेल्या प्रत्येक मोठ्या नटाला इथं एक ठरलेला आवाज असतो. पोरं त्या आवाजावर वाढतात, म्हातारी होतात. तो बदलला तर आपल्याला कुणीतरी फसवलं असं त्यांना वाटतं. रोर्क जर्मनीत येऊन खऱ्या तोंडानं बोलला असता तर लोकांनी त्यालाच नकली म्हटलं असतं.

किलियान मात्र दिसायला अगदीच साधा. लांबुडका चेहरा, बाहेर आलेले कान आणि चालताना थोडे आत वळणारे पाय. रोझेनहाइमजवळच्या लाकडी पिंपं बनवणाऱ्या एका कारागिराचा तो धाकटा मुलगा. गावोगावच्या नाटक कंपन्यांतून भालदार, निरोप्या, दुसरा शेतकरी अशी कामं करत तो म्युनिकला आला. बुर्गीचं पूर्ण नाव नोत्बुर्गा. मोलकरणींची जी संत आहे तिचं नाव आईनं ठेवलेलं, आणि बुर्गी तेव्हा खरोखरच एका डॉक्टरांच्या घरी स्वयंपाकाला होती. तिनं किलियानला आधी ऐकलं, मग पाहिलं. रविवारी चर्चमध्ये मिस्सेला ती खांबाआडच्या बाकावर बसलेली असताना पुढे कुणीतरी बायबलातलं संत पौलाचं पत्र वाचायला लागलं. आवाज तळघरातून वर यावा तसा खोल होता, थोडा खरखरीत, पण उबदार. बुर्गीला वाटलं, पत्र आपल्याच नावानं आलंय. मान लांब करून तिनं पाहिलं तर कान बाहेर आलेला एक काटकुळा माणूस.

"तेव्हाच ठरवलं," ती पुढे मैत्रिणींना सांगायची. "कान झाकता येतात. असा आवाज कुठून आणायचा?"

लग्नानंतर दोन वर्षांनी रोर्कचं काम मिळालं. त्या कामाची तऱ्हा न्यारीच. अंधाऱ्या खोलीत उभं राहायचं, समोर पडद्यावर सिनेमाचा एवढासा तुकडा पुन्हापुन्हा फिरत राहतो, आणि रोर्कचे ओठ ज्या क्षणी मिटतात त्याच क्षणी आपल्या तोंडातून 'म', 'ब' किंवा 'प' बाहेर पडला पाहिजे. वाक्य त्या बेतानंच लिहिलेलं असतं, तरी चुकतं. मग पुन्हा तोच तुकडा. किलियान घरी स्वयंपाकघरात त्याचा सराव करायचा. बुर्गी शिळ्या पावाचे गोळे वळत असायची आणि हा खिडकीच्या काचेत आपले ओठ बघत एकच वाक्य घोळवत बसायचा.

"घाबरू नकोस. मी इथेच दाराशी बसतो. घाबरू नकोस. मी इथेच दाराशी बसतो."

"मग बस ना एकदाचा दाराशी," बुर्गी शेवटी करवादली. "भांडी तरी पुसशील."

भिंतीपलीकडे फ्राऊ हुंडहामर राहायच्या. एकट्या, पायानं अधू, तोंडानं धडधाकट. गोळीबाराचा प्रसंग रंगात आला की त्या झाडूच्या दांड्यानं भिंतीवर ठोकायच्या. "हेर टालहामर! जरा हळू मारा माणसं, माझी डाळ करपली!"

"माफ करा, फ्राऊ हुंडहामर!" किलियान रोर्कच्याच आवाजात ओरडायचा. "हा शेवटचाच!"

म्हणजे सुरुवातीला सगळं हसण्यावारीच होतं. खोच कुठं आहे ते कळलं एका पोलिसांच्या सिनेमामुळे. त्यात किलियानला दारूच्या गुत्त्याच्या मालकाचं काम मिळालं होतं. काम छोटंच, पण पडद्यावर चेहराही त्याचा आणि बोलणंही त्याचंच. पहिल्या खेळाला बुर्गी निळा झगा घालून गेली. गुत्त्याचा मालक ग्लास पुसत पुढे आला, "इथं कुणी आलं नाही, साहेब," म्हणाला, आणि अख्खं थेटर खो खो हसलं. खुनाचा प्रसंग, नायिका रडतेय, आणि लोक मांड्या बडवतायत. त्या कानवाल्या माणसाच्या तोंडून डेन रोर्क बोलत होता ना!

दिग्दर्शक पुढच्या रांगेतून उठून बाहेर निघून गेला. आठवड्याभरात त्यानं ते वाक्य दुसऱ्या नटाकडून बोलून घेतलं आणि किलियानच्या तोंडावर चिकटवलं.

तिथून पुढे तेच चालू झालं. "टालहामर ना? चेहरा चालेल. आवाज नंतर बदलून घेऊ." चेहऱ्यावर दुसऱ्याचा आवाज, आवाजावर दुसऱ्याचा चेहरा. मग तीही कटकट नको म्हणून त्याला न बोलणारी माणसं मिळायला लागली. टीव्हीवरच्या पोलिसी मालिकांत दार उघडून नुसतं बोट दाखवणारा शेजारी. मुका साक्षीदार. आणि बहुतेक वेळा प्रेत.

"आज मी मेलेला आहे, उशीर होईल," तो सकाळी डोक्यावर टोपी चढवत सांगायचा.

"कुठं?"

"तळ्यात. परत आलो की टॉवेल दे."

एक गोष्ट मात्र त्याला फार आवडायची, आणि ती सांगताना त्याचा लांबुडका चेहरा जरा उजळायचा. चित्रीकरणात एखाद्या नटाचा शेवटचा तुकडा झाला की सहायक मोठ्यानं तसं जाहीर करतो, आणि दिवे धरणाऱ्यापासून चहा देणाऱ्या बाईपर्यंत सगळे हातातलं काम टाकून टाळ्या वाजवतात. प्रेतालाही वाजवतात. "मी चिखलातून उठतो आणि टाळ्या!" तो म्हणायचा. "येशूनंतर मीच."

"किलियान! जीभ आवर!" बुर्गी छातीवर क्रूसाची खूण करायची, आणि हसू दाबायला पाठ फिरवायची.

चर्चमधलं वाचन गेलं तेव्हा मात्र दोघंही हसले नाहीत. पोरं पहिल्या बाकावर बसायला लागली होती. किलियान वाचायला उभा राहिला की ती बोटांची पिस्तुलं करायची. एका रविवारी त्यानं "बंधूंनो" म्हटलं आणि मागून कुणीतरी हळूच "ठो" केलं. मिस्सा संपल्यावर फादर एबर्लनी त्याला बाजूला घेतलं. फादर भले होते. त्यांनाच बोलणं जड जात होतं.

"हेर टालहामर, तुमची काहीच चूक नाही. पण लोक देवाचं वचन ऐकत नाहीत हो. ते रोर्कला ऐकतात."

"मग मी काय करू, फादर? दुसरा आवाज माझ्याकडे नाही."

"काही दिवस थांबूया," फादर म्हणाले. ते काही दिवस कधी संपलेच नाहीत. जो आवाज ऐकून बुर्गीनं लग्न केलं, तो आता तिला फक्त स्वयंपाकघरात आणि घोड्यावर ऐकू यायचा.

अशी वर्षं गेली. मूलबाळ झालं नाही. रोर्कचे केस पिकले, किलियानचेही पिकले. वर्षातून एक दिवस मात्र किलियान बुर्गीच्या आधी कोट घालून दारात उभा असायचा. फेब्रुवारीतला संत ब्लासिउसचा दिवस. इतर वेळी मिस्सेला जायला तो कुरकुरायचा, फादरांपुढे पापांच्या कबुलीला वर्षभर टाळाटाळ करायचा, पण हा दिवस चुकवायचा नाही. ब्लासिउस गळ्याचा राखणदार. त्या दिवशी फादर दोन मेणबत्त्या एकमेकींवर आडव्या धरून गळ्याला दोन्ही बाजूंनी लावतात आणि पुटपुटतात, की गळ्याच्या दुखण्यापासून आणि सगळ्या अरिष्टांपासून देव तुला राखो. गाणारे, शिकवणारे, लिलाव पुकारणारे, सगळे रांगेत असतात. "कारागिरानं हत्यार धार लावायला न्यायलाच हवं," किलियान म्हणायचा. बुर्गीला ते पुरेसं होतं. निदान एका दाराशी तरी तिचा नवरा आपणहून जातो.

आणि मग फ्राऊ पेशेल आल्या. जेमतेम तिशीच्या, पुरुषी बूट घातलेल्या, एकामागून एक सिगारेट ओढणाऱ्या दिग्दर्शिका. इझार नदीवरून ओंडक्यांचे तराफे शहरात आणणाऱ्या शेवटच्या म्हाताऱ्यावर त्या टीव्हीसाठी सिनेमा करत होत्या. बुर्गीच्या स्वयंपाकघरात बसून त्यांनी आलुबुखारचा केक दोनदा मागून खाल्ला.

"मुख्य काम आहे, हेर टालहामर. तराफेवाला तुम्ही."

"कान बघितलेत ना माझे?"

"कानांसाठीच आले."

"आणि आवाज कुणाचा घालणार?"

फ्राऊ पेशेलनी बशीतला शेवटचा कण बोटानं टिपला. "तुमचाच. लोक पहिली दोन मिनिटं हसतील. हसू देत. मग त्यांना विसरायला लावायचं. तेवढा दम तुमच्यात आहे की नाही, ते मात्र तुम्ही सांगा."

किलियाननं बुर्गीकडे पाहिलं, आणि केकचा आणखी एक तुकडा फ्राऊ पेशेलच्या बशीत ठेवला. त्या संध्याकाळी जपमाळ घेऊन बसल्यावर तिनं एकच मागितलं. एकदा, फक्त एकदा, याच्या तोंडून याचा आवाज लोकांना ऐकू येऊ दे. मग मी काही मागणार नाही.

ऑक्टोबरभर चित्रीकरण चाललं. शेवटी होता बंधाऱ्यावरचा प्रसंग, तोच सिनेमाचा जीव. म्हातारा गुडघाभर पाण्यात उभा राहून मुलाला सांगतो, "नदीवर कुणी घर बांधत नाही रे. मी तिच्यावरून दुसऱ्यांची घरं वाहून आणली." बुर्गी रश्श्याचा डबा घेऊन काठावर उभी होती. किलियान बोलला तेव्हा कॅमेऱ्यामागचा दणकट माणूस नाक ओढायला लागला. मग सहायकानं ओरडून सांगितलं, "हेर टालहामर यांचा हा शेवटचा तुकडा होता!" आणि टाळ्या पडल्या. प्रेताला पडतात तशा नव्हेत. बराच वेळ पडत राहिल्या. किलियान पाण्यातच उभा राहिला, ओठ निळे पडेस्तोवर.

पण बंधाऱ्याच्या पाण्याच्या गर्जनेत आवाजाची फीत वाया गेली. त्यात विशेष काही नव्हतं, असं नेहमीच होतं. सिनेमा कापून जोडून झाला की तेवढं बोलणं स्टुडिओत पुन्हा बोलून घ्यायचं. ज्यानं आयुष्यभर दुसऱ्याच्या ओठांवर बोलणं बसवलं, त्याला स्वतःच्या ओठांवर बसवायला कितीसा वेळ लागणार? जानेवारीतल्या तीन राजांच्या सणानंतरची तारीख ठरली.

नोव्हेंबरात किलियानचा घसा बसला. बुर्गीनं कांद्याचा रस खडीसाखरेत कढवून दिला, औषधी पाल्याचा काढा दिला, रात्री हंसाच्या चरबीचं फडकं गळ्याला बांधलं. डिसेंबरात जरा उतार पडल्यासारखा वाटला. नाताळच्या गाण्यांत तो नुसते ओठ हलवत उभा राहिला. सणानंतर फ्राऊ पेशेलचा फोन आला. आवाज ऐकून त्या हसल्या.

"अहो, फर्मास आहे! तराफेवाल्याचा घसा बसलेलाच असणार. या तसेच."

किलियाननं फोनवर हात ठेवून बुर्गीकडे पाहिलं. "ये म्हणतेय. तसाच."

सणाला तीन राजांच्या नावांची आद्याक्षरं दारावर खडूनं लिहिलेली होती, बुर्गी ती बघत होती. आयुष्यात एकदाच मिळालेली संधी, आणि ती अशा फाटक्या आवाजावर घालवायची? खांबाआड बसून ऐकलेला तो आवाज लोकांना ऐकू यायला नको?

"ब्लासिउसचा दिवस होऊन जाऊ दे," ती म्हणाली. "किती दिवस राहिलेत असे? गळा स्वच्छ होईल. मग जा, आणि नीट बोल."

"हे काही अगदीच चूक नाही," किलियान म्हणाला, आणि फोनमध्ये म्हणाला, "फेब्रुवारीत येतो." फ्राऊ पेशेलना घाई नव्हती. सिनेमा शरदात दाखवायचा होता.

डॉक्टरांचं नाव त्या दोघांपैकी कुणीच काढलं नाही.

ब्लासिउसच्या दिवशी बर्फ पडत होतं. फादर एबर्लनी मेणबत्त्या गळ्याला लावल्या तेव्हा बुर्गीनं डोळे गच्च मिटून घेतले. उघडले तेव्हा किलियान खोकत होता, आणि रुमालावर लाल ठिपका होता.

पुढचं सगळं झपाट्यानं झालं. डॉक्टरांनी घशात आरसा घालून पाहिलं, सुस्कारा सोडला, आणि म्हणाले, "नोव्हेंबरात आला असतात तर..." वाक्य त्यांनी पुरं केलं नाही. गळ्यातली स्वरपेटी काढावीच लागणार होती, आणि एक दिवसही थांबता येणार नव्हतं. फ्राऊ पेशेलनी आवाज टिपायचं यंत्र घेऊन थेट इस्पितळात येण्याची तयारी दाखवली, पण तोवर किलियानला नेलं होतं. आत नेताना तो बुर्गीला काय म्हणाला, तर, "चष्मा घरीच राहिला." तेवढंच. त्यानंतर तो काही बोलू शकला नाही.

गळ्याला भोक आणि त्यात नळी घेऊन तो घरी आला. बुर्गीनं त्याला शाळेतली पोरं वापरतात तशी दगडी पाटी आणून दिली. ती नळी धुवायची, उकळायची, पुन्हा बसवायची. सगळं मुकाट्यानं. चर्चमध्ये ब्लासिउसच्या मूर्तीपुढून जाताना ती मान खाली घालायची. एकदा कबुलीच्या जाळीपाशी तिनं सांगून टाकलं.

"फादर, मी त्याला थांबवलं. तो निघाला होता."

"तुम्ही श्रद्धेनं सांगितलंत, बुर्गी."

"ते मला माहीत आहे, फादर. तेच तर मला सोसत नाही."

जाळीपलीकडे फादरांनी कपाळ जाळीला टेकवलं. मग म्हणाले, "मेणबत्त्या तर मीच धरल्या होत्या." दोघांनी मिळून 'हे आमच्या स्वर्गीय पित्या' म्हटलं.

उन्हाळ्यात हेल्मार आला. हेल्मार कोर्ट, पस्तिशीचा, किलियानच्या हाताखाली तयार झालेला. रोर्कचं काम आता त्याच्याकडे गेलं होतं. रोर्कचा आवाज बदलला म्हणून वाहिनीकडे तक्रारींचा ढीग आला होता, 'बिचारा आजारी आहे का' अशी चौकशी लोक करत होते, रोर्कची. हातात टोपी धरून हेल्मार दारातच उभा राहिला.

"हेर टालहामर, तराफेवाल्याचं बोलणं मी करावं असं फ्राऊ पेशेल म्हणतात. फक्त बंधाऱ्यावरचं बदलून चालणार नाही, मधेच माणूस बदलला असं वाटेल. सगळंच करावं लागेल. तुम्ही नको म्हणालात तर मी नाही करणार. शपथ."

किलियाननं पाटी ओढली. लिहिलं, "केक आणलास?"

"अं? नाही..."

"मग बुर्गीचा खा. तू 'प'ला उशीर करतोस. मी येतो शिकवायला."

नळी सांभाळायला कुणीतरी हवं म्हणून बुर्गीही बरोबर गेली. इतक्या वर्षांत ती अंधारी खोली तिनं पहिल्यांदाच पाहिली. पडद्यावर किलियान पाण्यात उभा होता, ओठ हलत होते, आवाज नव्हता. तुकडा संपायचा, पुन्हा सुरू व्हायचा. काचेच्या अलीकडे खरा किलियान पेन्सिल धरून बसला होता. पडद्यावरचे ओठ मिटले की तो टेबलावर टक् करायचा, आणि हेल्मारनं बरोबर तिथं ओठ मिटायचे. टक्. पुन्हा. टक्. "नदीवर कुणी घर बांधत नाही रे." पुन्हा. हेल्मारच्या कपाळावरून घाम ओघळत होता. बुर्गी पडद्याकडे बघत नव्हती, पेन्सिलीकडे बघत होती.

शेवटच्या तुकड्याला किलियाननं पाटीवर लिहिलं, "जुळलं."

फीत सांभाळणारा म्हातारा सवयीनं बोलून गेला, "हेर टालहामर यांचा हा शेवटचा तुकडा होता." मग आपण काय बोललो ते त्याला कळलं आणि तो ओशाळला. पण हेल्मारनं टाळी वाजवायला सुरुवात केली होती. तीन माणसांच्या टाळ्या, बंद खोलीत. किलियान उठला आणि कमरेतून लवला. नाटकात भालदार असताना लवायचा तसाच.

सिनेमा लागला त्या संध्याकाळी फ्राऊ हुंडहामर काठी टेकत त्यांच्याकडे बघायला आल्या. त्यांना कुणी काही सांगितलं नव्हतं. तराफेवाला बोलायला लागला. कुठंच हसू येण्यासारखं नव्हतं. आवाज चांगला होता, भारदस्त. फ्राऊ हुंडहामरनी दोन मिनिटं ऐकलं आणि खुर्चीतल्या खुर्चीत वळल्या.

"हा कोण बोलतोय?"

बुर्गीनं किलियानकडे पाहिलं.

"हा तुम्ही नव्हे, हेर टालहामर. मी काय बहिरी आहे? इतकी वर्षं भिंतीतून तुम्हाला ऐकलंय. हा तुम्ही नव्हे!"

किलियाननं टीव्हीवरची नजर काढली नाही. पाटीवर सावकाश लिहिलं आणि त्यांच्यापुढे धरलं. "ओठ बरोबर बसलेत. पोरानं काम चांगलं केलं."

"डोंबलाचं चांगलं," फ्राऊ हुंडहामर म्हणाल्या आणि रडायला लागल्या. बुर्गी उठून आत गेली आणि नळासमोर उभी राहिली. ती रडली नाही. तिनं नळी उकळायला ठेवली. वर्तमानपत्रात पुढे सिनेमाची तारीफ आली. 'तराफेवाल्याच्या खोल, अस्सल आवाजा'चा त्यात खास उल्लेख होता. बुर्गीनं तो कागद कचऱ्याच्या बादलीत तळाला घातला, वर बटाट्याची सालं टाकली.

पुढच्या वर्षीचा ब्लासिउसचा दिवस आला. बुर्गी सकाळपासून भांडी घासत राहिली. दिवस कुठला आहे हे तिनं तोंडातून काढलं नाही. मागे काहीतरी खुडबुडलं म्हणून वळली तर किलियान कोट घालून दारात उभा. गळ्याला मफलर, हातात पाटी. "उशीर होईल. चल."

"किलियान, नको रे," ती म्हणाली. "कशाला आता?"

त्यानं पाटी पुसली आणि लिहिलं, "रांगेत माझी जागा आहे."

चर्चमधल्या रांगेत पुढच्या कुणी मागे वळून पाहिलं नाही. किलियाननं मफलर सोडला. नळी दिसली तशा फादर एबर्लच्या हातातल्या मेणबत्त्या थबकल्या, मग त्यांनी त्या गळ्याला लावल्या, नळीच्या दोन्ही बाजूंनी, आणि शब्द म्हटले. नळीतून श्वासाची शिट्टी येत होती. मग बुर्गीची पाळी आली. ती पुढे होईना. किलियाननं तिच्या पाठीवर हात ठेवला आणि तिला हलकेच पुढे ढकललं.

ईस्टर त्याला लाभला नाही. दफनाला थोडीच माणसं होती. हेल्मार होता, फ्राऊ पेशेल सिगारेट न पेटवता उभ्या होत्या. पत्रवाचन फादरांनीच केलं. बुर्गीनं टीव्हीवर लेसचा रुमाल घातला, त्यावर किलियानचा फोटो ठेवला आणि टीव्हीची वायर काढून गुंडाळून ठेवली.

नाताळच्या आधीच्या एका रविवारी दुपारी ती पावाचे गोळे वळत होती. एकटीपुरते गोळे वळायला हात अजून शिकले नव्हते, चारपाच जास्तच व्हायचे. पाणी उकळत होतं. आणि भिंतीतून आवाज आला.

"घाबरू नकोस. मी इथेच दाराशी बसतो."

बुर्गीचे हात पिठात तसेच राहिले. पलीकडे फ्राऊ हुंडहामरच्या टीव्हीवर रोर्कचा कुठलासा जुना सिनेमा लागला होता. रोर्क तिकडे होता, भिंतीच्या त्या बाजूला, त्याच्या घोड्यासकट. इकडे नुसता किलियान येत होता. खोल, थोडा खरखरीत. खिडकीच्या काचेशी उभा असल्यासारखा.

पलीकडे फ्राऊ हुंडहामरच्याही लक्षात आलं असावं. आवाज एकदम बारीक झाला.

बुर्गीनं कोपऱ्यातला झाडू उचलला आणि पिठाच्या हातानं दांडा भिंतीवर आपटला.

"माफ करा, फ्राऊ टालहामर!" पलीकडून घाईघाईनं उत्तर आलं. "माझं ध्यानच नव्हतं! बंदच करते, बंदच करते!"

"बंद नका करू!" बुर्गी भिंतीला तोंड लावून ओरडली. "मोठा करा! फ्राऊ हुंडहामर, मोठा करा!"

मग काठी टेकल्याचा आवाज आला, आणि बटण फिरलं.

बुर्गी भिंतीला कान लावून तिथंच खाली बसली. पातेल्यातलं पाणी उतू जाऊन शेगडीवर चरचरत राहिलं.